काजवीचं काळं कडं

लोधिवली,
२० जुलै २०२५

कोंडाजी,

वर चि. आणि अनेक आशीर्वाद लिहायची पद्धत हाय. मोठी बहीण म्हणून ते लिहायला पायजे. आज हात धजला नाय, तू समजून घे.

आय पोचली. टेंपोवाल्यानं तिची गादी भिजवली, तिला उतरवताना "म्हातारे, सावकाश" म्हणाला, मी त्याची खरडपट्टी काढली. आता आय पडवीतल्या खाटेवर बसून चहा पितेय आणि तुझं कौतुक सांगतेय. सांगू दे.

काजवी पण मिळाली, दगडाला ओरखडा नको म्हणून टॉवेलात गुंडाळलेली. पण कडं काय रं ते! आबांनी खास काजवीच्या मापाचं तांब्याचं कडं करून घेतलं, त्यात ती अशी घट्ट बसायची की उलटं धरलं तरी पडायची नाय. ते कडं तुझ्या घरातून काळंकुट्ट होऊन आलं. मोहोपाड्यात चिंच मिळत नाय का संजनाला? आबांच्या वेळेला पण काळंच असायचं म्हणशील. पुरुषमाणसाला भांड्यातलं काय कळतंय! मी सोमवारी देवाची भांडी काढली त्यांच्याबरोबर कडं काजवीसकट घेतलं, चिंच-मीठ लावून घासलं, खळखळून धुतलं. आता सोन्यासारखं दिसतंय. आपल्याकडं काळजी अशी घेतात.

आणखी एक. आपल्यात ठरलेलं कागदावर राहू दे, उद्या कोणी पलटी मारायला नको. आबा गेल्यापासून आय दिवाळी ते आषाढ तुझ्याकडं, आषाढ ते दिवाळी माझ्याकडं, माझी ही पहिलीच पाळी. काजवी आयच्या मागोमाग जाणार, कारण काचबिंदूनं गेलेले तिचे डोळे त्या एकाच उजेडात बघतात. दिवा नाय, बल्ब नाय, सूर्य नाय. आबांना विहीर खणताना सापडली ती, आपल्या डोंगरपट्ट्यात शंभर वर्षांत तीनच निघाल्यात, चौथी कुठून आणणार? ती विकायची नाय, फोडायची नाय, कोणाला दाखवायची नाय. हे तू आबांच्या पिंडापुढं कबूल केलंयस. मी ऐकलंय.

फोन का नाय केला म्हणशील. काजवीच्या घरात मोबाइल मरतो, तुला ठाऊक हाय. मागच्या दारी अळवापाशी उभं राहिलं की लागतो, पण फोनवर माझा आवाज चढतो आणि अंबाबाई कुंपणापलीकडून सगळं ऐकते. पत्र बरं.

चिंधी

लोधिवली,
२४ ऑगस्ट २०२५

कोंडाजी,

तुझं पत्र आलं. "अक्का, आमी काजवीला कोरड्या फडक्याशिवाय काय लावलं नाय, आबा करायचे तसंच केलं." बरं. विचारलं होतं कोणी? मी कड्याचं लिहिलं, तू काजवीचं उत्तर दिलंस. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते उगाच नाय.

आता सरळच विचारते. काजवी कड्यात हलते. आधी वाटलं कडं सैल झालं असंल, तांबंच ते. म्हणून दोऱ्यानं मापलं. कडं होतं तेवढंच हाय. काजवी बारीक झाली.

आणि परवा काय झालं ते ऐक. मी भाकरी थापत होते आणि घरात फोन वाजला. आपल्या घरात! काजवी असताना जन्मात कधी वाजला नव्हता. माझ्या हातातली भाकरी परातीत पडली. रिया होती, पनवेलवरून. "आई, लागला गं फोन!" म्हणून पोर खूश झाली. मी खूश होऊ का रडू? काजवीत दम असता तर फोन वाजला असता का? उलट मागच्या दारची रेंज मात्र पार गेली, तिथं उभं राहून हात वर केला तरी एक काडी येत नाय. टॉवरवाल्यांनी काय फिरवाफिरवी केली देव जाणे.

आय आली तेव्हा पडवीत बसून आढ्यावरची पाल दाखवायची. आता खाटेच्या पायापर्यंत दिसतं तिला. काल म्हणाली, "चिंधे, लांब का उभी हायेस गं?" मी चार पावलांवर होते.

तू केमिकल कंपनीत. तिथं ॲसिडचे पिंप असतात, तूच सांगितलंस. दगडावर ॲसिड टाकलं की तो विरघळतो हे मला शाळेत शिकवलंय, सातवीपर्यंत तर मी पण गेलेय. थोडंसं खरवडून काढलंस, वरून गुळगुळीत केलंस, कोणाला कळणार नाय असं वाटलं तुला. पण कडं बोललं.

गणपतीला येणार असशील तर आधी हे खरं खोटं कर, मग ये.

चिंधी

लोधिवली,
१४ सप्टेंबर २०२५

कोंडाजी,

गणपतीला आला नायस. म्हणजे काय समजायचं ते मी समजले.

ऋतिकाच्या वाढदिवसाला मी तुझ्याकडं आले ते काय केक खायला नाय. पोरगी गुणी हाय, पाया पडली, तिच्यावर माझा राग नाय. पण संजनाच्या नाकातली चमकी नवी दिसली. मी विचारलं तर म्हणाली, "अमेरिकन डायमंड हाय, अक्का." नाव इंग्लिश असलं म्हणजे काय उजेड लपतो? देवघर बघते म्हणून आतल्या खोलीत गेले, तेवढ्यात ती मागोमाग आली. का आली? घरात लपवायला काय नसतं तर बाई पाहुणीच्या मागं मागं फिरते का?

काल काजवी कड्यातून पडली. आरपार. फरशीवर टणकन आवाज झाला आणि आयनं विचारलं, "काय पडलं गं?" मी म्हटलं, वाटी. आता ती आवळ्याएवढी राहिलीय. मी जीव ओतून तिची निगा राखते. गौरींच्या आधी दोनदा घासली, पितृपक्ष लागला तशी परत घासली. अजून कसं सांभाळायचं माणसानं?

आबांच्या तिथीला अळूचं फदफदं केलं. यंदा अळू असं माजलंय की बांधाच्या बाहेर आलंय, मोरीचं पाणी मानवतं त्याला. अंबाबाईला दोन जुड्या दिल्या. त्या दिवसापासून तिच्या स्वयंपाकघरात फोन लागंना म्हणून ती माझ्या नावानं बोटं मोडते, जसं मीच तिचा टॉवर पळवला!

गौरीजेवणाला सगळी भावकी जमली तेव्हा मी बोलले. लपवत नाय तुझ्यापासून. कोंडाजीनं आयच्या डोळ्यांची चोरी केली असं म्हटलं. सगळ्यांनी ऐकलं. दिवाळीला पाळी बदलते, आय तुझ्याकडं यायची. मी पाठवणार नाय. काय करायचं ते कर.

चिंधी

लोधिवली,
४ ऑक्टोबर २०२५

कोंडाजी,

मी दार उघडलं नाय असं सांगत फिरू नकोस. उघडलं होतं. चार बोटं.

दसऱ्याच्या दिवशी भाऊ सोनं घेऊन दारात उभा राहिला आणि बहिणीनं आपट्याचं पान घेतलं नाय, असं आपल्या गावात आजवर झालेलं नाय. ते मी केलं. सगळी आळी बघत होती, अंबाबाई तर हातातला कचरा टाकायचा विसरली. तू बोललास, "अक्का, तुझं घे नको घेऊस, आयला तरी देऊ दे." मी म्हटलं, आय झोपलीय.

झोपली नव्हती. आतनं विचारत होती, "कोण हाय गं?" मी सांगितलं, वर्गणीवाले.

तू पानं उंबऱ्यावर ठेवून गेलास. मी ती टाकली नायत, एवढं सांगते. टाकायला वाकले होते.

पण असल्यानं मी विरघळणार नाय. खरा निर्दोष असता तर भांडला असता. आयमाय काढली असती, दार धडधडा वाजवलं असतं. लहानपणी एका कैरीसाठी तू माझे केस उपटलेस. आणि आता मी भर भावकीत चोर म्हटलं तर गप? मुकाट्यानं पानं ठेवून जातो? मला तुझा गप्पपणाच खटकतो.

चिंधी

लोधिवली,
११ ऑक्टोबर २०२५

कोंडाजी,

तुझी चिठ्ठी त्या मोहोपाड्याच्या बसवाल्याकडून मिळाली. तीन ओळी. "काजवी ठेव, कडं ठेव, मला चोर म्हण. पण उजेड संपायच्या आत आयला एकदा माझं तोंड बघू दे. मला पण तिचं तोंड बघायचंय."

रात्रंदिवस ती चिठ्ठी पोलक्यात घेऊन फिरतेय. एकदा वाटतं, खरं लिहिलंय. लगेच वाटतं, चिठ्ठी लिहायला काय लागतं? ज्याचं काय गेलं नाय तोच "ठेव" म्हणतो.

काजवी आता सुपारीएवढी हाय. आय ती तळहातावर घेते, माझं तोंड जवळ ओढते, नाकाला नाक लागेल इतकं. तेव्हा तिला मी दिसते, ती पण अर्धी. एक डोळा आणि गाल. काल गालावर हात फिरवून म्हणाली, "कोंड्या कधी यायचा? त्याचा पण असाच एक तुकडा बघून ठेवते." मी म्हटलं, त्याला डबल शिफ्ट हाय.

हे तुला कशाला लिहिलं कोण जाणे. दिवाळी तोंडावर आलीय, सगळी पितळ-तांब्याची भांडी काढायचीत. कामं पडलीत.

चिंधी

लोधिवली,
१७ ऑक्टोबर २०२५, वसुबारस

चि. कोंडाजीस अनेक आशीर्वाद.

हे पत्र हातात घेतल्यावर फाडू नकोस. माझी शपथ नाय घालत, माझ्या शपथेला आता किंमत नाय. आयची शपथ.

सगळं जसं झालं तसं लिहिते. काल दुपारपासून लाइट नव्हती, उकाड्यानं जीव नकोसा झाला होता. आयनं हट्ट धरला, मला मागच्या पायरीवर बसव, वारा येतो. बसवली. मी मोरीत दिवाळीची भांडी घासत होते. दिवेलागण झाली तशी मी म्हटलं, "आये, चल आत, मागचं दार लावायचंय." आपल्या घरची रीत तुला माहीत हाय. दिवा लावायच्या वेळेला मागचं दार उघडं ठेवायचं नाय, पुढनं आलेली लक्ष्मी मागनं जाते. म्हणून आपल्या घरातल्या कोणी दिवेलागणीनंतर परसात कधी पाय ठेवला नाय. मी तर ते दार लावून वर अडसर पण घालते, विषारी फुरशांच्या भीतीनं. अंबाबाईच्या बाजूला कुंपण गच्च, तिकडून पण काय दिसत नाय.

आय उठंना. म्हणाली, "थांब गं. त्या अळवावर गोगलगाय चाललीय, ती बघते."

मी म्हटलं, म्हातारीला भास होतोय. भांडं तसंच टाकून तिला धरायला गेले, तिच्यापुढं वाकले. तिनं माझ्याकडं बघितलं. तोंड जवळ न ओढता बघितलं, कोंड्या. वरपासून खालपर्यंत. आणि म्हणाली, "अगं बाई! किती पिकलीस गं चिंधे. केस कुठं गेले तुझे?"

मी मागं वळले. अळू उजळलं होतं. बल्बासारखं नाय, काजवीसारखं, तोच निळसर हिरवा. देठातून वर चढलेला आणि पानांच्या शिरांत पसरलेला. मोरीच्या पन्हाळापासून बांधापर्यंत सगळं अळू. आणि पन्हाळातून माझ्या चिंचेचं पाणी त्याच्या बुडाशी चाललं होतं, ते पण तसंच.

मी मोरीत परत आले. परातीत कडं होतं आणि कड्यात सुपारीएवढी काजवी, चिंचेत माखलेली. भोवतालचं पाणी उजळत होतं. मी बघत राहिले, डोळ्यांदेखत ती झिजत होती. चिंच. ॲसिडचे पिंप तुझ्या कंपनीत नव्हते रं, माझ्याच मोरीत होते. तीन महिने दर सोमवारी, सणाला दोनदा, मी माझ्या हातानं आयचे डोळे घासून पन्हाळात सोडले. आणि तुला चोर म्हटलं.

घरात फोन वाजायला लागला आणि अळवापाशी बंद पडला. अंबाबाईच्या घरात माझ्या जुड्या गेल्या आणि तिचा फोन गेला. सगळं मी तुला माझ्याच हातानं लिहून कळवलं आणि मला कळलं नाय. मला फक्त तुझं घर दिसत होतं. आबांना आणि पितरांना पण मी किती उजेड वाढला त्याचा हिशेब आता त्यांनीच करावा.

मी आयपुढं बसले आणि सगळं सांगितलं. चिंच, भावकी, दसरा, वर्गणीवाले, डबल शिफ्ट. ती म्हणाली, "तुझा बाप त्या दगडाला थेंब लागू द्यायचा नाय. मला वाटलं, तुला ठाऊक हाय." मग पुढं काय म्हणाली ते मी लिहीत नाय. ते मला लागू होतं.

अजून एक कबूल करायचं राहिलंय. ऋतिकाच्या वाढदिवसाला मी देवघर बघायला आत गेले नव्हते. संजनाची ट्रंक उघडली होती. तिनं मला बघितलं. झाकण लावलं आणि "अक्का, चहा गार होतोय" एवढंच म्हणाली. तुला सांगितलं का नाय मला माहीत नाय. सांगितलं नसंल तर ती माझ्यापेक्षा मोठी हाय. चमकीबद्दल मी तिची माफी मागते, समोर पण मागीन. पाडव्याला भावकी जमेल तेव्हा भर पंगतीत उठून सांगणार हाय की चोर मी. जशी गौरीला बोलले तशीच, त्याच आवाजात.

आता कामाचं ऐक, वेळ कमी हाय. पाळी तुझी लागते दिवाळीला, मला मान्य हाय. पण अळू उपटून नेता येत नाय. एक रोप कालच बादलीत लावून बघितलं, सकाळपर्यंत साधं अळू झालं. काजवीची उरलेली चिमूट मी कोरडी पुसून ठेवलीय, तिच्या उजेडात आयला स्वतःचा अंगठा दिसतो तेवढंच. आणि अळवाची नवी पानं बिनउजेडाची फुटतायत, साधी, भाजीची. उजळलेली जुनी पानं कडेनं पिवळी पडायला लागलीत. मी मोजली नायत, मोजायची हिंमत नाय. फार तर आठ-दहा दिवस जातील. त्यानंतर आयला कोणीच दिसायचं नाय, मी नाय आणि तू नाय.

भाऊबीज गुरुवारी हाय. मी ओवाळीन असं म्हणायला मला तोंड नाय. तुला वाटलं तर पाटावर बस, नाय वाटलं तर नको बसूस. पण आयसाठी ये. संजनाला आण, ऋतिकाला आण. आय विचारते ती किती उंच झाली, मी म्हटलं, सांगणार नाय, तूच बघ. अर्धा तुकडा नाय रं, सगळाच्या सगळा कोंड्या दाखवायचाय तिला.

तुझी आपट्याची पानं देवघरात हायेत. वाळलीत, पण मोडली नायत. त्यातलं एक मी घेतलंय, दसऱ्याचं माझं. उरलेलं तुझ्या हातानं आयला दे.

दुपारी येऊ नकोस, उन्हात तिला अळू पण दिसत नाय. दिवे लावायच्या वेळेला ये. पुढचं दार वाजवत बसू नको, वळसा घालून परसातनं ये. मागचं दार मी उघडं ठेवते.

तुझी अक्का